दृढविद्येला पाणी कसं द्यावं

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे मला नीट कळलाय की नाही ते तुम्हाला दिसेल. तुमच्या कथेत १८९०च्या आसपासची मुंबई आहे आणि तिथे किमयागारांची एक गुप्त शाळा आहे, दृढविद्या. या शाळेला सोनं करण्यात रस नाही. पदार्थ आहे तोच ठेवून त्याचा कठीणपणा वाढवायचा किंवा उतरवायचा, एवढंच तिचं शास्त्र. तुमचा नायक डोंगरीच्या तुरुंगात अडकलाय, त्याने गज मऊ करून वाकवावेत असा बेत आहे. नायिकेचा मलमलीचा सदरा सुरीला दाद देणार नाही इतका कठीण करायचाय. शिवाय कोळशाचा हिरा होईल का, या विद्येला मर्यादा कोणती आणि शिष्याची परीक्षा कशी घ्यावी, हेही तुम्ही विचारलंय. वाचकाला हे खरं वाटावं, अशी तुमची इच्छा आहे.

मी ३८ वर्षं हीट ट्रीटमेंटच्या धंद्यात काढली, त्यातली बहुतेक कुर्ल्यातल्या एका गाळ्यात. पंच आणि डाय ही पत्रा कापायची हत्यारं, शिवाय गिअर, शाफ्ट कडक करून द्यायचे, हेच काम. त्यामुळे तुमची शाळा मला परकी वाटली नाही. माझं एकच सांगणं आहे आणि पुढचं सगळं त्याच्याभोवती फिरेल: कठीणपणा फुकट मिळत नाही, त्याची किंमत चिवटपणात मोजावी लागते. वस्तू जितकी कडक कराल तितकी ती फुटायला सोपी होते. तुमच्या शाळेचं सगळं नाट्य या देवाणघेवाणीत ठेवा. मंत्र म्हटला आणि भिंत लोण्यासारखी झाली, असं लिहिलंत तर दुसऱ्या प्रकरणात वाचकाची उत्सुकता संपेल.

सुरुवात भाषेपासून करा. आपल्याकडे लोहार कोयत्याला किंवा विळ्याला ‘पाणी देतो’, ‘पाणी पाजतो’. तापवून लाल केलेलं पातं पाण्यात बुडवणं ही साधी क्रिया, पण शब्द असा की जणू लोखंडाला तहान लागली होती. हा शब्दप्रयोग फार जुना आहे. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत, म्हणजे सहाव्या शतकात, तलवारीला काय पाजावं याची कृती दिलेली आहे: केळीचा क्षार ताकात मिसळून एक दिवस ठेवायचा आणि त्यात पातं पाजायचं, म्हणजे ते दगडावर तुटत नाही आणि दुसऱ्या लोखंडावर बोथटही होत नाही. हे भाबडेपण समजू नका. लालबुंद लोखंड साध्या पाण्यात गेलं की त्याच्याभोवती वाफेचा पापुद्रा धरतो आणि तेवढा वेळ ते सावकाश निवतं. पाण्यात मीठ किंवा क्षार असला की तो पापुद्रा लवकर फुटतो आणि थंडावा एकसारखा बसतो. आम्हीही काही जॉबसाठी, म्हणजे कामाला आलेल्या वस्तूंसाठी, मिठाचं पाणी वापरत होतो. त्या श्लोकात फुटणं आणि बोथटणं ही दोन्ही भयं एका ओळीत आलीत, तेही बघा. ज्याने ते लिहिलं त्याला देवाणघेवाण ठाऊक होती. तुमच्या शाळेच्या पोथीत मंत्रांपेक्षा अशा कृती भरा: कसलं पाणी, किती शिळं, कुठल्या रंगावर बुडवायचं.

आता आत काय होतं ते सांगतो, कारण किमयागाराला ते ‘दिसलं’ पाहिजे. पत्त्यांचा कॅट टेबलावर ठेवून वरून बोटाने ढकला, पत्ते एकमेकांवरून घसरतात. धातू वाकतो तो असाच, आतले थर घसरतात म्हणून. त्याच पत्त्यांमध्ये मिठाचे खडे पेरलेत तर घसरण अडते. पोलादात हे खडे म्हणजे कार्बन. पोलाद लाल तापलं की लोखंडाच्या अणूंची मांडणी बदलते आणि कार्बन तिच्यात ऐसपैस मावतो. सावकाश निवू दिलं तर तो बाहेर पडून वेगळा बसतो आणि पोलाद नरम राहतं. एकदम थंड केलं तर त्याला निघायला वेळ मिळत नाही, तो आतच अडकतो आणि मांडणी ताणून धरतो. या ताणलेल्या अवस्थेला मार्टेन्साइट म्हणतात आणि ते नावही तुमच्या कथेच्या काळातलंच, १८९०च्या दशकातलं आहे. म्हणजे तुमचा नायक शिकत होता तेव्हा युरोपात लोक सूक्ष्मदर्शकाखाली हेच बघत होते. शाळेचा गुरु डोळे मिटून पात्यावरून बोट फिरवतो आणि त्याला हा ताण जाणवतो, असं दाखवा.

पण प्रत्येक पदार्थाची वाट वेगळी असते आणि इथे तुमच्या शाळेला खरी खोली येईल. तांबाकाट्यावर जाऊन तांबटाचं काम बघा. तांबं लाल तापवून पाण्यात बुडवलं तर ते कडक होत नाही, नरमच राहतं. नवशिक्याला हे उलटं वाटतं. तांबं कडक होतं ते ठोक्यांनी. मठाराचे ठोके पडता पडता ते ताठ होत जातं, मग फुटायला येतं, म्हणून मध्ये पुन्हा ताव देऊन नरम करायचं आणि पुन्हा ठोकायचं. कोकणातला जांभा दगड आणखी वेगळा. जमिनीतून काढताना तो ओला आणि इतका मऊ असतो की हत्याराने चिरे पाडता येतात. हवा लागली की आतली लोहद्रव्यं घट्ट होतात आणि चिरा वर्षानुवर्षं कडक होत जातो. फ्रान्सिस बुकॅननने मलबारात हे पाहिलं आणि १८०७ साली त्याला विटेच्या लॅटिन शब्दावरून ‘लॅटराइट’ नाव दिलं. रबराची वाट गंधकाची. १८३९ साली चार्ल्स गुडइयरने रबर आणि गंधक एकत्र तापवल्यावर चिकट रबर घट्ट, लवचीक झालं. गंधक खूप वाढवलं की तेच रबर लाकडासारखं टणक एबोनाइट होतं. किमयागारांचा आवडता गंधक इथे खरोखर किमया करतो, ही गोष्ट तुम्ही सोडू नये. आणि घरची वाट हवी असेल तर तिळाच्या वडीचा पाक आहेच. तीच साखर, तेच पाणी. गोळीबंद पाकावर उतरवलंत तर वडी मऊ राहते, थोडं पुढे गेलात की दाताने फुटेना अशी होते. माझ्या आईला हे तापमापकाशिवाय कळायचं. तुमच्या शाळेतली सगळ्यात हुशार शिष्या एखाद्या स्वयंपाकघरातून आलेली असावी, असं मला मनापासून वाटतं.

तेव्हा नियम असा करा: दृढविद्या पदार्थाला जबरदस्ती करत नाही. लोखंडाला थंडाव्याने, तांब्याला माराने, जांभ्याला हवेने, रबराला गंधकाने, ज्याला जी वाट मानवते तीच जादूने जलद करता येते. चुकीची वाट धरली की वस्तू बिघडते. आपल्या रसग्रंथांत, म्हणजे किमयेच्या जुन्या पोथ्यांत, लोखंडाची जात हातोड्यावरून ठरवलीय: मुंड नावाच्या लोखंडाचे मृदु, कुंठ आणि कडार असे तीन प्रकार. फुटत नाही ते मृदु, ठोकल्यावर कष्टाने पसरतं ते कुंठ, ठोकल्यावर फुटतं ते कडार. शाळेत पहिल्या वर्षी हे तीन शब्द घोकून घ्या.

किमतीबद्दल सांगायला मला २६ जुलै २००५ची रात्र सांगावी लागेल. त्या दिवशी सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, हे सगळ्यांना ठाऊक आहे. आमचा गाळा मिठी नदीपासून फार लांब नव्हता. दुपारी आम्ही ओएचएनएस या तेलात कडक होणाऱ्या पोलादाचे २४ पंच आणि एक मोठा डाय ब्लॉक साधारण ८०० अंशांवरून तेलात टाकून कडक केले होते. क्वेंच झालेला, म्हणजे बुडवून एकदम थंड केलेला, जॉब हाताला सोसवेल इतका कोमट असतानाच टेंपरिंगच्या भट्टीत जायला हवा, हा आमच्या कामाचा पहिला नियम. कारण त्या अवस्थेत तो कमालीचा कडक असतो, पण आतून ताणाने भरलेला. बाहेरचा भाग आधी निवून ताठ झालेला, गाभा नंतर निवतो आणि निवताना फुगतो, त्यामुळे दोघांचं भांडण आतच कोंडलेलं राहतं. टेंपरिंग म्हणजे त्याला पुन्हा १८०-२०० अंशांचा हलका ताव देऊन थोडं पाणी उतरवणं. कठीणपणाचे दोन-चार आकडे जातात, चिवटपणा परत येतो. त्या दिवशी भट्टीत ठेवायच्या आधीच वीज गेली.

पाणी आत आलं तसं आम्ही सगळे जॉब माळ्यावर नेले. संध्याकाळी कमरेइतकं पाणी होतं. रात्री नऊच्या सुमाराला अंधारात ‘टण्’ असा आवाज आला. मला लगेच कळलं. एक पंच आपणहून फुटला होता. कोणी हात लावला नव्हता. माळ्यावर चहाचा रॉकेलचा स्टोव्ह होता, एक कढई आणि शेंगतेलाचा डबा होता. आमच्यातला एकजण पूर्वी वड्याच्या गाडीवर कामाला होता. वडे तळायचा ताव आणि आमच्या टेंपरिंगचा ताव जवळपास सारखाच असतो. तो पावाचा तुकडा टाकून तेल जोखत बसला आणि आम्ही पंच थोडे थोडे करून तासभर त्या तेलात ठेवत राहिलो. आणखी एक फुटला, बाकीचे २२ वाचले. डाय ब्लॉक कढईत मावत नव्हता. तो पहाटे दोनच्या पुढे फुटला आणि तो आवाज बंदुकीसारखा होता. एका चिवट पोलादाच्या ठोकळ्याला कडक केल्यावर आम्ही दहा तासही सांभाळू शकलो नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

हे तुमच्या कथेत असंच्या असं वापरता येईल. दृढविद्येने कडक केलेली वस्तू लगेच तुटत नाही. ती वाट बघते. तुमच्या खलनायकाने घाईत सगळ्या हत्यारांना पाणी दिलं आणि उतरवायला वेळ घेतला नाही, तर लढाईच्या आदल्या रात्री शस्त्रागारातून एकेक आवाज येऊ लागतील.

आता डोंगरीचा तुरुंग. तुमच्या नायकाने गज मऊ करू नयेत. त्या काळचे गज बहुधा घडीव लोखंडाचे असतील आणि त्यात कार्बन जवळजवळ नसतो, म्हणजे ते आधीच जेवढे नरम असायचे तेवढे आहेत. आणखी मऊ केले तरी तेवढी जाडी वाकवायला ताकद लागणारच. दगडाचंही तसंच. मुंबईचा काळा दगड थिजलेल्या लाव्ह्याचा, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीचा. त्याला नरम अवस्थाच नाही, विस्तव आणि पाणी आळीपाळीने दिलं तर तो तडकतो, मऊ पडत नाही. भिंतीत दुबळा असतो तो सांध्यातला चुना. पण मी असतो तर भिंतीकडे बघितलंच नसतं. मी कुलपाकडे बघितलं असतं. जुन्या धाटणीच्या कुलपात दांड्याला पोलादी पट्ट्या असतात, त्या आत गेल्यावर फाकतात आणि दांडा अडवून धरतात. या पट्ट्या कारागिराने आधी कडक करून मग निळ्या रंगापर्यंत, म्हणजे ३०० अंशांच्या आसपास, पाणी उतरवून लवचीक केलेल्या असतात. नायकाने फक्त ते उतरवलेलं पाणी परत चढवायचं. पट्ट्या पुन्हा काचेसारख्या कडक होतील. मग कुलपावर एक टिचकी, दांडा सरकेल. सगळे मऊ करायला धडपडत असताना त्याने कडक करून सुटावं. ही विद्या शिकलेल्या माणसालाच हे सुचेल आणि वाचकालाही पटेल.

या जागी एक बारीक अट घाला. लोखंडात बाहेरून कार्बन भरून पृष्ठभाग कडक करता येतो, त्याला आम्ही केस हार्डनिंग म्हणतो. कोळशाच्या भुकटीत डबाबंद करून ९००-९३० अंशांवर ठेवायचं. तीन-चार तासांत साधारण एक मिलिमीटर आत जातो. पण दुप्पट खोलीला दुप्पट वेळ पुरत नाही, चौपट लागतो. तिप्पट खोलीला नऊपट. जादूलाही हाच हिशेब लावा. वरवरची किमया चुटकीसरशी, गाभ्यापर्यंतची किमया आयुष्यभराची. एखादा म्हातारा गुरु तीस वर्षं एकाच तलवारीवर बसलाय, तो का, हे मग सांगावं लागणार नाही.

सदऱ्याचा बेत मात्र बदला. कापड कडक झालं की ते वाकणार नाही, नायिकेला हात उचलता येणार नाही आणि वार बसला की सगळा धक्का बरगड्यांवर जाईल. निसर्गाने हा प्रश्न आपल्या तोंडात सोडवलाय. दाताच्या वरचं एनॅमल शरीरातला सर्वात कठीण पदार्थ, पण तो एकटा असता तर सुपारीवर तडकला असता. त्याच्या खाली डेंटिनचा नरम, चिवट थर असतो, तो धक्का पचवतो. गिअरच्या दातालाही आम्ही हेच करत होतो, वर कडक आणि आत नरम. तेव्हा सदरा अनेक घड्यांचा करा, बाहेरच्या थरावर खवल्यासारखे कडक ठिपके, मध्ये मऊ कापड. शिवणारी दर्जी बाई किमयागारापेक्षा महत्त्वाची ठरेल, ठरू द्या.

हिऱ्याचं उत्तर छोटं आहे. हिरा आणि कोळसा एकाच द्रव्याचे, हे अठराव्या शतकाअखेर सिद्ध झालं होतं: लाव्हाझिये या रसायनशास्त्रज्ञाने हिरा जाळून पाहिला होता आणि १७९७ साली टेनंट या दुसऱ्या रसायनशास्त्रज्ञाने ते मोजून दाखवलं. १८९३ साली फ्रान्समध्ये मोआसाँने कृत्रिम हिरा केल्याचा दावा केला, म्हणजे तुमच्या शाळेत त्याची चर्चा होणारच. पण खात्रीचा कृत्रिम हिरा व्हायला १९५०चं दशक उजाडलं आणि त्याला प्रचंड दाब लागला. शाळेला तो दाब देऊ नका. हिऱ्याबद्दल लिहाच, पण उलट बाजूने: तो सगळ्यांत कठीण आहे आणि तरी योग्य दिशेने एक ठोका बसला तर सरळ दुभंगतो. हिरे घासणारे कारागीर त्याच्या याच दिशा ओळखून काम करतात. हिऱ्याला ऐरणीवर ठेवून घण मारला तरी काही होत नाही, ही जुनी समजूत शाळेतल्या एखाद्या गर्विष्ठ शिष्याला महागात पडू द्या.

मोजणीबाबत सांभाळा. मी आयुष्यभर एचआरसीचे, म्हणजे रॉकवेल मशीनवरच्या कठीणपणाचे, आकडे वाचले, हिऱ्याचा शंकू १५० किलोच्या भाराने रुतवून. तुमच्या काळात तो आकडा नाही. ब्रिनेलची गोळीची पद्धतसुद्धा १९०० सालची. तेव्हा होता तो मोहसचा १८१२ सालचा क्रम, शंखजिऱ्यापासून हिऱ्यापर्यंत दहा पायऱ्या, ज्यात कोण कोणावर ओरखडा काढतो एवढंच कळतं. पायऱ्या सारख्या उंचीच्या नाहीत. नववा कुरुविंद आणि दहावा हिरा यांच्यातली दरी खालच्या कुठल्याही दोन पायऱ्यांपेक्षा कितीतरी मोठी. बाकी सगळं कानशीने. कानस घासली की नरम लोखंडाला ती चावते, कडक पोलादावरून ती काचेवरून नख फिरावं तशी सरकते आणि आवाज चढतो. साणेवर धरलं तर जास्त कार्बनच्या पोलादाच्या ठिणग्या फुलबाजीसारख्या फुटतात, घडीव लोखंडाच्या लांब, सरळ पडतात. आपण ‘तावून सुलाखून’ म्हणतो ते हेच. तावणं म्हणजे तापवणं आणि सुलाखणं म्हणजे टोचून आतलं खरं-खोटं बघणं. माझं रॉकवेल मशीन म्हणजे सुलाखणंच होतं. शाळेच्या दारावर हे दोन शब्द कोरा.

आणि परीक्षा. शिष्याला पाच सारख्या सळया देऊन कानशीने ओळखायला लावणं ही पहिली पायरी, ती लवकर उरकून टाका. खरी परीक्षा एका पात्याची ठेवा. संध्याकाळी गुरु म्हणतो, याला पाणी दे. शिष्य भट्टी पेटवतो, रंग बघतो, लोहचुंबक चिकटेनासं झाल्यावर आणखी थोडा वेळ थांबतो, बुडवतो. पातं वाकत नाही, तडकत नाही, कानस त्यावरून घसरते. गुरु ते हातात घेत नाही, धारही बघत नाही. दिवा घेऊन झोपायला जातो. शिष्य दमलेला आहे, भट्टी विझत आलीय, बाहेर पाऊस लागलाय. पहाटे गुरु उठून येतो तेव्हा तो पात्याकडे न बघता आधी भट्टीवर हात धरतो, ती अजून गरम आहे का ते बघायला.